काचेपलीकडून हललेली मान

९ फेब्रुवारी

वन्सं,

नमस्कार लिहिते आहे. तो घ्यायचा की आल्या पावली परत धाडायचा, ते तुम्ही ठरवा. पाकिटावर माझं अक्षर दिसलं तर तुम्ही ते न फोडताच ठेवून द्याल अशी भीती होती, म्हणून पत्ता तुमच्या भावाकडून लिहून घेतला. ही पहिली लबाडी, सुरुवातीलाच कबूल करून टाकते.

कारण असं, की आपलं रेडिओ स्टेशन बंद होतंय. मार्चच्या तीस तारखेला, बारा वाजता. सकाळी अकराचं ‘बोला, ऐकतोय’ संपलं की फ्यूज उठून ट्रान्समीटरचा खटका खाली ओढणार. हो, आपला तंत्रज्ञ फ्यूज अजून आहे. डोक्यावरचे केस गेले, डोक्यातला राग तेवढा शिल्लक आहे. मालक गेल्यावर त्यांच्या मुलीने सात वर्षं रेटलं, आता तिचाही दम संपला. परवाना कुठल्याशा मोठ्या कंपनीकडे चाललाय. तिकडून दिवसभर गाणी येतील. बातम्या नाहीत, गप्पा नाहीत. “मावशी, लोकांना आता हातातल्या फोनवर सगळं कळतं,” असं ती म्हणाली. म्हटलं, कळतं गं बाई, पण उलट विचारायचं कुणाला?

शेवटचा तास तिने माझ्याकडे दिलाय. अडतीस वर्षांचा इतिहास एका तासात सांगायचा! म्हणून पंधरा दिवस टेपांच्या खोलीत बसलेय. डब्यांवर तुमचं अक्षर आहे, निळ्या शाईतलं. ‘पुसू नये’ असं लिहून खाली दोन रेघा. पुसण्याची कुणाची हिंमत झालेली दिसत नाही.

कालच ती जुनी जागा आठवली, सायकल दुरुस्तीच्या दुकानावरची. भिंतींना गाद्या ठोकलेल्या, उन्हाळ्यात माइक चालू असताना पंखा बंद. तुम्ही मानेवर ओला नॅपकिन टाकून बातम्या वाचायच्यात. खाली दुकानदाराने घंटी वाजवून पाहिली की ती बातमीत ऐकू यायची. एकदा नगराध्यक्षांच्या भाषणाचा सारांश वाचताना प्रत्येक वाक्यानंतर ट्रिंग, ट्रिंग. दुसऱ्या दिवशी त्यांचा माणूस विचारायला आला, ही टिंगल कुणाच्या सांगण्यावरून?

मधे ती मोठी काच. आत तुम्ही, बाहेर दोन टेलिफोन घेऊन मी. मला तिथे तुम्हीच आणून बसवलंत. लग्नाला सहा महिने झाले होते. स्वयंपाकघरात मी भांड्यांशी बोलत असते हे तुम्ही दारातून ऐकलंत आणि म्हणालात, “एवढं बोलतेसच, तर माणसांशी बोल. चल उद्यापासून.” सासूबाई काही म्हणायच्या आत तुम्ही माझी चप्पल दाराशी सरळ करून ठेवली होतीत.

सहाला बातम्या, मग बाजारभाव, मग पाणी कधी येणार नि वीज कुठे जाणार. आठ दहाला निधनवार्ता. तिच्या आगेमागे एकही जाहिरात वाजू द्यायची नाही, असा तुमचा दंडक. साबणवाला मालकांकडे रडत गेला होता. तुम्ही म्हणालात, “कुणाचा तरी बाप गेलाय, त्यावर फेस नको.” नवाला ‘हरवले-सापडले’. बसमध्ये कवळी सापडल्याचं सांगितलं तर तिघं जण आले. तिघांनीही घालून पाहिली, आणि तिघांनाही बसली! शेवटी फ्यूजने ती कपाटात ठेवून दिली. रोज सकाळी त्या निवृत्त घड्याळजींचा फोन, “तुमचे सात वाजायला आज चार सेकंद उशीर झाला.” तुम्ही त्यांचं नाव सेकंदकाका ठेवलंत. ते गेले तेव्हा निधनवार्ता मी वाचली. फ्यूजला सांगून बरोबर आठ दहाला, एका सेकंदाचाही फरक न करता.

एक मागणं आहे. दोन मिनिटं बोला. तिकडे ध्वनिमुद्रण करून पाठवा, नाहीतर या. त्या स्टेशनवरचा पहिला आवाज तुमचा होता, शेवटच्या दिवशी तो नसला तर इतिहास तरी कशाला म्हणायचं?

बाकीचं लिहीत नाही. एकोणीस वर्षांचं एका पाकिटात मावायचं नाही.

उत्तराची वाट पाहते, ते रागाचं असलं तरी चालेल.

तुमची भावजय


२२ फेब्रुवारी

वन्सं,

पोस्टकार्ड मिळालं. दोनच ओळी. मी दोनदा वाचलं आणि चार ओळींचं समाधान मानलं.

‘ज्या स्टेशनवरून मी गावाला खोटी बातमी दिली, त्याच्या इतिहासात मला घालू नकोस. आणि ती चिठ्ठी कुठून आली होती, ते आधी सांग.’

आपण दोघी त्या दिवसाबद्दल कधी समोरासमोर बसून बोललो नाही. म्हणून तो मला जसा आठवतो तसा लिहिते.

गुरुवार होता. महिनाभर दवाखान्यात जुलाबाची मुलं येत होती. आपले डॉक्टर दुपारच्या कार्यक्रमात दोनदा सांगून गेले होते की खाटा पुरत नाहीत, एकेका खाटेवर दोन-दोन मुलं आहेत. त्या दिवशी साडेअकराच्या सुमाराला ‘बोला, ऐकतोय’मध्ये तुम्ही एक चिठ्ठी वाचलीत. पाणीपुरवठ्यात काम करणारे एक श्रोते कळवतात, सतरा दिवस टाकीत ब्लीचिंग पावडर पडलेली नाही, पाणी उकळून प्या. आपल्याकडची पद्धतच ती होती. फोन मी घ्यायची, चिठ्ठीवर लिहायची, काचेखालच्या फटीतून आत सरकवायची.

अर्ध्या तासात दोन्ही टेलिफोन तापले. दुपारी दोन अधिकारी आले, अंगावर इस्त्रीचे कपडे आणि चेहऱ्यावरही इस्त्री. म्हणाले, अफवा पसरवलीत, त्या श्रोत्याचं नाव सांगा, नाहीतर परवान्याचं पाहावं लागेल. मालकांनी फोनची वही मागवली. वहीत तसा फोन नव्हता. चिठ्ठी मागितली, तर वाचून झालेल्या चिठ्ठ्या खोचायच्या तारेत ती नव्हती. तुम्ही म्हणालात, “चिठ्ठी हिने दिली.” मालकांनी माझ्याकडे पाहिलं. मी काय म्हणाले ते तुम्ही ऐकलंच आहे.

“मला आठवत नाही.”

सोमवारी माफीनामा वाचायचा ठरला. तुम्ही तो हातात घेतलात, उभ्या उभ्या वाचलात, टेबलावर ठेवलात, पर्स घेतलीत आणि गेलात. अकराला दोन मिनिटं कमी होती. खुर्ची रिकामी. मालक म्हणाले, “बस तू.” मी बसले.

चिठ्ठी कुठून आली, हे तुम्ही विचारलंय. वन्सं, या पत्रात ते नको.

तुमच्या भावाची तब्येत बरी आहे. निवृत्त झाल्यापासून गच्चीवर झाडं लावतात आणि त्यांना पाणी घालताना पाणी वाया गेलं म्हणून स्वतःलाच रागावतात. तुम्ही दर महिन्याला त्यांना फोन करता. फोन वाजला की मी आतल्या खोलीत जाते, हे तुम्हाला ठाऊक नसेल. तेवढा वेळ तुमचा तुम्हाला मिळावा म्हणून. तुमच्याशी बोलून झालं की ते गच्चीवर जातात आणि बराच वेळ खाली येत नाहीत.

आज एक टेप सापडली. नदीला पूर आला होता तेव्हाची, जेव्हा आपण छत्तीस तास सलग बोलत होतो. तुमचा आवाज बसत आलेला. तुम्ही सांगताय, ‘पुलाच्या पलीकडच्या माणसांनी काळजी करू नये, तुमच्या घरचे शाळेत सुखरूप आहेत, मी नावं वाचते.’ आणि मग चारशे अकरा नावं. मी मोजली. एकही नाव चुकीचं वाचलेलं नाही. मधे खोकला आला तर तुम्ही माफी मागून ते नाव पुन्हा वाचलंत.

अशा बाईला गावाने खोटारडी म्हटलं. हे मी लिहायला नको, मला तोंड नाही. पण लिहिलं.

भावजय


५ मार्च

वन्सं,

तुमचं उत्तर नाही. ठीक आहे. प्रश्न तुमचा आहे, उत्तर द्यायची पाळी माझी. काल दिवसभर फ्यूजच्या टेबलावर हे पत्र लिहून फाडत होते. तो म्हणाला, “बातमी लिहिताय की काय एवढी?” म्हटलं, हो, एकोणीस वर्षं शिळी.

चिठ्ठी मीच दिली.

फोन आला नव्हता, म्हणून वहीत नोंद नव्हती. पावडरचं मला आदल्या दिवशी कळलं होतं, फोनवरून नाही. सकाळभर ती चिठ्ठी लिहून मी पदराखाली धरली होती. साडेअकराला आत सरकवली. तुम्ही ती आधी मनात वाचलीत, मग मान वर केलीत आणि भुवया उंचावल्यात. काचेतून शब्द ऐकू यायचे नाहीत, पण तुमच्या भुवया मला पाठ होत्या. ‘नक्की?’ असं तुम्ही विचारत होतात.

मी मान हलवली. हो, नक्की.

तेवढ्या एका मानेवर विश्वास ठेवून तुम्ही वाचलीत. दुसऱ्या कुणाची असती तर तुम्ही चार ठिकाणी फोन करून खात्री केली असतीत. माझी होती, म्हणून नाही केलीत.

अधिकाऱ्यांची गाडी खिडकीतून मला आधी दिसली. तुम्ही पाणी प्यायला गेला होतात. मी आत गेले, तारेतून चिठ्ठी काढली, चुरगळून ब्लाउजमध्ये टाकली. घरी येऊन चुलीत घातली. बस, एवढंच झालं. हात कापला नाही. मला वाटलं होतं कापेल.

आणि मग ‘मला आठवत नाही’. मी ‘नाही’ म्हटलं नव्हतं, ‘आठवत नाही’ म्हटलं होतं. या दोन शब्दांमधल्या फटीत मी एकोणीस वर्षं अंग चोरून बसले. खोटं बोलले नाही, नुसतं विसरले, असं. स्वतःची समजूत घालायला माणसाला किती थोडी जागा पुरते!

आता ऐका. बातमी खरी होती. सतराच्या सतरा दिवस पावडर पडलेली नव्हती. तुम्ही वाचलंत त्याच्या तिसऱ्या दिवशी गुपचूप ट्रक आला, पोती उतरली. त्या आठवड्यात दवाखान्यातल्या खाटा रिकाम्या व्हायला लागल्या, हे डॉक्टरांनी पुढच्या महिन्यात मला खाजगीत सांगितलं. तुम्ही गावाला खोटं सांगितलं नाहीत. ते तुम्ही सांगितलेलं सगळ्यात खरं होतं. आणि त्यासाठी तुमच्या खुर्चीत बसून माफी मी मागितली.

अजून एक आहे. ते नाही लिहिलं तर हे सगळं लिहिलेलं वाया जाईल. पहिल्या सोमवारी त्या खुर्चीत बसताना भीती वाटली. दुसऱ्या सोमवारीही वाटली. तिसऱ्या सोमवारी आवडलं. लोक माझ्याशी बोलायला लागले. रस्त्यात आवाजावरून ओळखायला लागले. मी तुमच्याविरुद्ध कट केला नव्हता, पण तुम्ही परत आलात तर काय, हा विचार मनात आला तेव्हा मला आनंद झाला नव्हता. आपलेच दात आणि आपलेच ओठ, वन्सं.

चार वर्षांपूर्वी एका अंध श्रोत्याचा फोन आला. टेलिफोन एक्स्चेंजवर कामाला होते ते. म्हणाले, “तुमच्या आधीच्या बाई आता आमच्यासाठी पुस्तकं वाचतात. माझ्या नातीची इतिहासाची पुस्तकं त्यांच्याच आवाजात आहेत.” मी त्यांच्याकडून ती मागवून घेतली. स्वयंपाक करताना लावते. राजे, लढाया, तह, सनावळ्या. तुमच्या आवाजात ‘प्रश्न पहिला, गाळलेल्या जागा भरा’ ऐकलं की हातातलं काम थांबतं.

पावडरचं मला कुणी सांगितलं होतं, ते मात्र मी सांगणार नाही. शिक्षा द्यायची ती मला द्या, पूर्ण द्या.

भावजय


१८ मार्च

वन्सं,

यावेळी कार्ड माझ्या हाती आलं नाही. पोस्टमन आला तेव्हा मी स्टेशनवर होते. उघडं कार्ड, ते तुमच्या भावाने वाचलं. मी घरी आले तेव्हा ते जेवणाच्या टेबलावर ठेवलं होतं, वर मिठाची बरणी, वाऱ्याने उडू नये म्हणून.

‘खरी होती? माझा भाऊ त्याच टाकीवर कामाला होता. त्याच संध्याकाळी मी त्याला विचारलं होतं. तो म्हणाला, पावडर रोज पडते अक्का. मग खरी होती हे तुला कुणी सांगितलं?’

मी माझ्या पत्रांबद्दल त्यांना काही बोलले नव्हते. पाकिटावर पत्ता घातला तेवढाच त्यांचा हात. त्यांना वाटलं, कार्यक्रमाचं आमंत्रण असेल.

चार दिवस ते बोलले नाहीत. रागावले नव्हते, राग मला ओळखता येतो. चहा दिला की घ्यायचे, कप धुऊन ठेवायचे. एकदा फक्त म्हणाले, “तू तिला माझं नाव नाही कळवलंस.” मी म्हटलं, “नाही.” “का?” म्हटलं, “तुमच्यापाशी ती एकच बहीण आहे. माझ्यापाशी निदान अख्खं गाव आहे, अकरा ते बारा.” त्यावर परत गच्चीवर गेले.

पाचव्या दिवशी सकाळी स्वतःच्या हाताने सदऱ्याला इस्त्री करत होते. पाठमोरे. म्हणाले, “तीस तारखेला त्या खोलीत किती माणसं असतात गं?”

म्हटलं, “मी, आणि काचेपलीकडे फ्यूज.”

“आणि ऐकणारे?”

“ते मोजता आले असते तर स्टेशन बंद पडलं नसतं.”

मग इस्त्री उभी करून ठेवली. “अक्काला ऐकू जाईल का, तिकडे?”

आपल्या स्टेशनची हाक वीस-बावीस कोसांपलीकडे कधी गेली नाही, हे तुमच्याइतकं कुणाला ठाऊक? पण टेलिफोन आहे. तीस तारखेला अकरा वाजून पाच मिनिटांनी मी तुम्हाला फोन लावीन. बोलू नका, काही उत्तर देऊ नका. फक्त उचला आणि खाली ठेवू नका. तुमच्या प्रश्नाचं उत्तर ज्याचं त्यानेच द्यायचं ठरवलंय.

कार्यक्रमासाठी तुमचा आवाज मी मागितला होता. ते मागणं परत घेते. आता फक्त कान मागते.

भावजय


१ एप्रिल

वन्सं,

फोनवर तुम्ही जे बोललात ते तुम्हाला ठाऊकच आहे. पण तारेच्या या टोकाला खोलीत काय चाललं होतं, ते तुम्हाला दिसलं नाही. बातमीदार मी कधीच नव्हते, तरी प्रयत्न करते.

ते एकोणीस वर्षांत स्टेशनची पायरी चढले नव्हते. मला न्यायला यायचे तेही कोपऱ्यावरच्या टपरीपर्यंत. त्या दिवशी साडेदहालाच येऊन बसले. इस्त्रीचा सदरा, खिशात घडी घातलेला कागद. फ्यूजने त्यांना पाहिलं, माझ्याकडे पाहिलं आणि आत आणखी एक खुर्ची टाकली. मालकांची मुलगी फुलं घेऊन आली होती, तिलाही काही सांगितलं नव्हतं.

अकराला लाल दिवा लागला. मी सायकलच्या दुकानापासून सुरुवात केली. तुमची पुराची टेप दीड मिनिट लावली, परवानगी न घेता. त्याबद्दल रागवा. ती चालू असताना तुम्हाला फोन लावला. तुम्ही ‘हॅलो’ म्हणालात. मी रिसीव्हर तसाच फ्यूजच्या स्पीकरसमोर उशीवर आडवा ठेवला आणि आत गेले. तुम्ही आहात की फोन ठेवलात, ते मला कळायला मार्ग नव्हता.

मग मी म्हटलं, “आज एक श्रोते प्रत्यक्ष आलेत. त्यांचं म्हणणं ऐकू या.” आणि माइक त्यांच्याकडे वळवला.

त्यांनी कागद काढला, उघडला आणि बाजूला ठेवला. अगदी जवळ सरकले, जणू माइकच्या कानातच सांगायचं होतं.

“मी पाणीपुरवठ्याच्या टाकीवर एकतीस वर्षं होतो. रोज पावडर किती पडली, ते वहीत मी लिहायचो. एकोणीस वर्षांपूर्वी सतरा दिवस पावडर आलीच नाही. साहेब म्हणाले, आकडा लिही. मी लिहिला. रोज लिहिला. गावातली मुलं आजारी पडत होती. माझ्या घरी पाणी उकळत होतं, माझी मुलगी उकळलेलं पीत होती. शेवटी बायकोला सांगितलं. तिने ते इथे दिलं आणि माझ्या बहिणीने ते तुम्हाला वाचून दाखवलं.”

इथे थांबले. तुम्हाला माहीत आहे, आपल्याकडे तीन सेकंदांच्या वर शांतता गेली की फ्यूज दिवा लुकलुकवतो. समोरच्या घड्याळात मी मोजत होते. पाच. सात. नऊ. फ्यूजचा हात बटणावर होता, तो दाबला गेला नाही.

“त्या संध्याकाळी बहिणीने मला विचारलं, खरं का रे? मी म्हणालो, पावडर रोज पडते, अक्का. नोकरी जाईल म्हणून बोललो. तिचं काम गेलं, नाव गेलं, गाव सुटलं. दर महिन्याला तिचा फोन येतो आणि ती मला विचारते, जेवलास का, गोळ्या घेतोस का. मी हो म्हणतो. बातमी खरी होती. खोटा मी होतो.”

एवढंच. मग मला म्हणाले, तेही माइक चालू असताना, “झालं. आता पुढचं लाव.”

पुढचं काय लावणार? फोन वाजायला लागले. पहिला एका बाईचा. तेव्हा तिची थोरली दवाखान्यात होती आणि तान्हा मांडीवर. बातमी ऐकली आणि तेव्हापासून त्याला उकळलेलंच पाजलं. “तो आता वीस वर्षांचा आहे, सकाळी मोटारसायकलवरून गेला. त्या बाईंना कळवा,” म्हणाली. दुसरा फोन एका गृहस्थांचा. आवाज थरथरत होता, पण रागाने. “एकोणीस वर्षं काय करत होतात?” मी उत्तर द्यायला तोंड उघडलं तर तुमच्या भावाने हाताने मला थांबवलं. म्हणाले, “भीत होतो.” पलीकडून “हं,” आणि फोन ठेवला. त्यांनी माफ केलं असं मला वाटत नाही. करावंच असंही नाही.

त्यानंतर मी माझं सांगितलं. चिठ्ठीचं, तारेचं, चुलीचं. माफीनामा ज्या खुर्चीत वाचला होता त्याच खुर्चीत बसून तो परत घेतला. मालकांच्या मुलीच्या हातातली फुलं तशीच राहिली. नंतर म्हणाली, “बाबांनी शेवटपर्यंत तुमच्या वन्संबद्दल बोलणं टाळलं. का ते आज कळलं. बातमी खरी असेल अशी त्यांनाही शंका असणार.”

बाराला पाच कमी असताना ठरवलेलं सगळं बाजूला ठेवलं आणि त्या दिवशीचे बाजारभाव वाचले. कुणाला तरी हवे असतील म्हणून. मग नेहमीसारखं ‘बोललात, ऐकलं’ म्हटलं. फ्यूजने खटका ओढला. खोलीतल्या स्पीकरमधून नुसती खरखर यायला लागली. अडतीस वर्षांत तो आवाज मी कधी ऐकलाच नव्हता, वन्सं. तो आपल्या मागे सतत असणार, आपण बोलत होतो म्हणून कळला नाही.

फ्यूज पाठ फिरवून उगाच वायरी गुंडाळत बसला. मी बाहेर आले. रिसीव्हर उशीवर तसाच. उचलायला धीर होईना. सत्तावन्न मिनिटं झाली होती, एवढा वेळ कोण कशाला थांबेल? कानाला लावला तर श्वास ऐकू आला. मी म्हटलं, “वन्सं?” आणि तुमचा तोच आवाज, वीस वर्षांपूर्वी नवख्या निवेदकांना फैलावर घेणारा:

“त्याला सांग, माइकपासून वीतभर मागे बस म्हणावं. ‘पाणी’ आणि ‘पावडर’, दोन्हींतला ‘प’ फुटत होता.”

मग फोन ठेवलात.

मी काचेतून आत पाहिलं. ते अजून खुर्चीतच होते, हात मांडीवर, लाल दिव्याकडे बघत, तो विझला होता तरी. आत जाऊन मी तुमचं वाक्य शब्दाला शब्द सांगितलं. आधी त्यांना कळलंच नाही. “काय म्हणाली?” मी परत सांगितलं. त्यांच्या चेहऱ्यावर हसू आलं, आणि ते पुरतं यायच्या आतच डोळे भरले. सदऱ्याच्या बाहीने पुसले, इस्त्री मोडली.

माइक बंद होता. ट्रान्समीटर बंद होता. ऐकायला आता कुणीच नव्हतं. तरी ते उठले, दोन्ही हातांनी खुर्ची उचलली, वीत लावून मोजली, आणि तेवढी मागे ठेवून परत बसले.